यंदाची शिंप

लग्नाच्या पंगतीत बसलो की माझं लक्ष ताटापेक्षा शेजारच्याच्या शर्टाकडे जास्त असतं. बायको कोपराने ढोसते आणि दबक्या आवाजात म्हणते, "अहो, लोक काय म्हणतील?" लोक काहीही म्हणोत, उमेदीची वर्षं मी शिंपल्याची बटणं कापण्यात घालवली. ही खोड आता माझ्याबरोबरच जाईल. हल्ली पंगतीत एकूण एक बटण प्लॅस्टिकचं असतं. ते मला लांबून कळतं, तरी मी बघतोच.

मी मूळचा खानदेशातला, शिरपूरकडचा. आयटीआयला टर्नरचा कोर्स केला आणि ऐंशीच्या सुमाराला सिल्वासाला आलो. तेव्हा तिथे कारखान्यांचं पेव फुटलं होतं. करात सूट होती म्हणून मुंबईचे, सुरतेचे लोक शेडी बांधत होते आणि धुळे-जळगावची पोरं ट्रकमधून, एसटीतून येऊन धाग्याच्या नाहीतर प्लॅस्टिकच्या कंपनीत चिकटत होती. मी मात्र सामरवरणीच्या एका पत्र्याच्या शेडमध्ये बटणं करायला लागलो. घरी कळवलं तेव्हा वडिलांना वाटलं मी विजेची बटणं बनवतो, आणि त्यांनी गावभर तसं सांगितलंही. मी पुढे खुलासा केला नाही, कारण तेवढीच जरा वट वाढली होती.

मालक गुजराती होते. आम्ही त्यांना शेठ म्हणायचो. माणूस वाईट नव्हता, हे आधीच सांगून ठेवतो. दिवाळीला मिठाईचा डबा स्वतः डोकमर्डीला माझ्या खोलीवर आणून द्यायचे आणि चहा घेतल्याशिवाय उठायचे नाहीत.

आता धंदा सांगतो. शिंप म्हणजे दोन झाकणांत राहणारा जीव. समुद्रातल्या शिंपा सगळ्यांना माहीत असतात, पण गोड्या पाण्यातही त्या असतात, नदीच्या तळाला वाळूत आणि चिखलात अर्ध्या रुतून बसलेल्या. बाहेरून काळपट, ओबडधोबड. आतून मात्र त्यांना अशी चमक असते की नवा कारागीर पहिल्या दिवशी काम सोडून बघतच बसतो. आमच्याकडे दमणगंगेच्या डोहांतल्या शिंपा यायच्या. आतला जीव पाड्यापाड्यावर शिजवून खाल्ला जायचा, आणि रिकामी झाकणं टोपल्यांतून शेडला यायची.

ही झाकणं आधी टाकीत भिजत घालायची, कारण कोरडी शिंप कापायला घेतली की तडकते. भिजली की लेथवर. लेथच्या तोंडाला पोकळ नळीची करवत बसवलेली असते. शिंप चिमट्यात धरून फिरत्या नळीवर दाबली की गोल टिकली कापली जाते. वरून पाण्याची धार सोडावी लागते, नाहीतर धूळ छातीत जाते. धार असली तरी थोडी जातेच, माझा खोकला त्या धुळीचाच आहे. मग टिकलीची पाठ घासायची, तोंडाला जरासा वाटीसारखा खोलगट आकार द्यायचा, चार भोकं पाडायची. शेवटी लाकडी पिंपात दगडाची भुकटी, पाणी आणि पातळ ॲसिड घालून सगळा माल फिरवायचा. ते पाणी आम्ही मागच्या नाल्यात सोडायचो. नाला नदीला मिळत होता, आणि त्या काळी कुणीच त्याचा विचार करत नव्हतं.

बटण चांगलं निघायचं ते जाड शिंपेचं. पातळ शिंपेची टिकली पिंपात फिरतानाच फुटते. जाड शिंप म्हणजे पुष्कळ वर्षं नदीत काढलेली शिंप. तिच्या पाठीवर झाडाच्या खोडासारखी वर्षावर्षाची वलयं असतात. हे आम्हाला ठाऊक होतं, पण कामापुरतंच.

गिऱ्हाइकं तऱ्हेतऱ्हेची. वापीचा एक म्हातारा शिंपी यायचा, तो प्रत्येक बटण गालाला लावून बघायचा. शिंपेचं बटण गालाला गार लागतं, प्लॅस्टिकचं लागत नाही. एवढं सांगून तो थांबला असता तर बरं, पण तो माझ्याही गालाला लावायचा. एका नवऱ्या मुलाच्या बापाला शेरवानीसाठी सोनेरी बटणं हवी होती. शिंपेला सोन्याचा रंग देता येत नाही हे सांगून सांगून माझा घसा बसला, आणि शेवटी तो म्हणाला, "मग चांदीचा तरी द्या." आणि एक मुंबईच्या बाई होत्या. परदेशात शर्ट पाठवणाऱ्या कुणासाठी त्या खरेदी करायच्या. मोटारीने यायच्या, ॲसिडच्या वासाने नाकाला रुमाल लावायच्या, पण मालाची पारख अचूक होती. हलका माल त्यांनी कधी उचलला नाही. त्यांची पावती मिळाली की शेठ खूश आणि मीही खूश.

त्या बाईंना पसंत पडायचा तो माल आणायची बुधीबाई.

बुधीबाई सुरंगीकडच्या एका पाड्यावरची वारली बाई. वय तिला सांगता यायचं नाही, पण डोक्याचे केस पांढरे झाले होते. शेतीचं काम नसलं की ती आणि पाड्यावरच्या बायका डोहात उतरायच्या. पाणी गढूळ, तळ दिसत नाही. म्हणून शिंपा डोळ्यांनी नाही, पायांनी शोधायच्या. कमरेइतक्या पाण्यात उभं राहून तळवे वाळूत हळूहळू सरकवायचे. शिंपेची कड तळव्याला लागते. बेताने चाललं नाही तर पाय कापतो. लागली की अंगठ्याने उकरून वर उचलायची.

बुधीबाईच्या गळ्यातल्या दोऱ्यात एक लहानशी बांगडी ओवलेली होती. तिच्या मुलीची, अगदी लहानपणीची. शिंप त्या बांगडीतून आरपार गेली तर ती परत पाण्यात सोडायची, अडकली तरच टोपलीत टाकायची. हा नियम आम्ही घालून दिलेला नव्हता. तिच्या आईपासून चालत आलेला होता. "बांगडीतनं गेली ती नदीची," ती म्हणायची. आम्हालाही बारीक शिंपा नकोच होत्या, तेव्हा सगळ्यांचंच भागत होतं. दुसऱ्या बायकांच्या टोपलीत चारदोन बारक्या निघायच्या. बुधीबाईच्या टोपलीत एकही नाही.

पुढे पुढे तर ती बांगडी वापरीनाशीच झाली. मी एकदा विचारलं तर म्हणाली, "माझा पाय आता शाना झाला, मिस्तरी. बारकीवर पडतंच नाय." मी तिचं कौतुक केलं. शेठसमोरही केलं. नव्या बायकांना सांगायचो, बुधीबाईकडून शिका, तिच्या पायाला डोळे आहेत. ती तोंडाला पदर लावून हसायची. हळूहळू इतरांच्याही टोपल्यांतून बारक्या शिंपा यायच्या बंद झाल्या. आम्हाला वाटलं, सगळ्याच शहाण्या झाल्या. टोपल्या भरून येत होत्या आणि माल वर्षागणिक जाडच होत चालला होता. शेडमध्ये आम्ही सगळे त्यावर खूश होतो.

नव्वदीची पहिली काही वर्षं असतील. एका दुपारी बुधीबाई रिकाम्या हाताने शेडला आली. असं कधी होत नसे. मी मशिन बंद केलं.

"मिस्तरी, तुझ्याकडं बारकी शिंप हाय का?"

"केवढी?"

तिने अंगठ्याचं पेर दाखवलं. "पोराच्या तोंडात जाईल येवढी. यंदाची पायजे."

तिच्या सुनेला मुलगा झाला होता आणि त्याला पहिली पेज पाजायची वेळ आली होती. त्यांच्या घरात पहिली पेज शिंपेने पाजतात, एवढं मला माहीत होतं. पण कुठलीही शिंप चालत नाही, हे तिने त्या दिवशी सांगितलं. पोर ज्या वर्षी झालं त्याच वर्षी नदीत झालेली शिंप लागते. पोर आणि शिंप एका वयाची. थोरल्याची शिंप धाकट्याला चालत नाही. पेज पाजून झाली की ती नदीत सोडायची, म्हणजे नदी त्या पोराला ओळखते आणि पुढे कधी ओढून नेत नाही. तिच्या दोन्ही मुलांचं तसं केलं होतं. थोरल्या नातवाच्या वेळी तर तिने एका बुडीत शिंप काढली होती.

"डोहात नाय मिळाली?" मी विचारलं.

"सगळे डोह बघले. मोठ्या हायत. बारकी येकपन नाय गावत."

"पाय सवयीने टाळत असेल."

"हातानं बघला, मिस्तरी. खाली बसून, वाळू चाळून बघला."

मी हातातलं काम टाकलं आणि दोघांनी शेडच्या मागचा ढीग उपसला. मालातला, खराब मालातला, फुटलेला, सगळा ढीग. अंगठ्याएवढी सोडा, तळहाताहून लहान शिंप त्यात नव्हती. मी इतकी वर्षं त्या ढिगावरून ये-जा करत होतो.

रविवारी मी तिच्याबरोबर गेलो. वरच्या अंगाला एक डोह होता, झाडीत लपलेला. तिथे गाळ कमी, वाळू चांगली. बुधीबाई म्हणायची, शिंपांचं माहेर ते. मी पँट गुडघ्यावर दुमडून उतरलो आणि पहिल्याच पावलाला तळव्याला कड लागली. दुसऱ्या पावलाला दुसरी. पाण्याखाली शिंपांची फरसबंदी होती म्हणा ना. एक उचलली तर हाताला जड लागली, आणि उचलताना तिने आपली झाकणं घट्ट मिटून घेतली. शेडमध्ये हजारो हाताळल्या होत्या, पण जिवंत शिंप मी त्या दिवशी पहिल्यांदा हातात धरली. आम्ही दोघं दुपार टळेपर्यंत वाळू चाळत होतो. होत्या त्या सगळ्या म्हाताऱ्या.

बुधीबाई काठावरच्या दगडावर बसली आणि हुंदके देऊन रडायला लागली. "मला वाटला माझा पाय शाना झाला," ती पुन्हा पुन्हा म्हणत होती. "बारक्या नवत्याच रे. पाय कशावर पडंल?" मीच तर तिच्या पायाचं कौतुक गावभर केलं होतं.

कितीतरी वर्षांनी एका निवृत्त प्राध्यापकांनी मला यातलं शास्त्र समजावून सांगितलं. शिंपेची पिल्लं जन्मली की माशाच्या कल्ल्यांना चिकटतात, तिथे थोडी वाढतात आणि मग वाळूत गळून पडतात. तो ठरावीक मासा यायचा थांबला, किंवा तळाला गाळ बसला, पाणी नासलं, की पिल्लं जगत नाहीत. मोठ्या मात्र तग धरून राहतात, वर्षानुवर्षं. म्हणून नदी वरून भरलेली दिसते. त्या जातीचं लांबलचक नाव त्यांनी सांगितलं, ते मला म्हणता येत नाही. ती आता धोक्यात आलेल्या जातींत मोडते असंही म्हणाले. आमच्या नदीत मासा कशाने थांबला? धरण होतं, वाळूचा उपसा होता, कारखान्यांचं पाणी होतं, त्यात आमच्या पिंपाचंही होतं. एकावर बोट ठेवता येत नाही, आणि म्हणून कुणालाच लाज वाटत नाही.

पण पोराची पेज अडली होती. बुधीबाईला भीती वाटत होती ती साधी आणि खरी होती. शिंप नाही तर नदी पोराला ओळखणार नाही. तिच्या भावाला लहानपणी पुराने नेलं होतं.

मी सोमवारी एक मोठी शिंप निवडली. तिच्या मधोमध, जिथे बाक चांगला असतो, तिथून अंगठ्याएवढा तुकडा कापला. कड घासली, पोराचं तोंड चिरू नये म्हणून पुन्हा घासली. पिंपात न टाकता राखेने हातावर उजळली. इतकं मन लावून मी कुठल्याही बटणाला हात लावला नव्हता. काम खरोखर सुरेख झालं होतं. एका वर्षाच्या शिंपेसारखी दिसत होती, निदान मला तरी तसं वाटलं.

बुधीबाईने ती तळहातावर घेतली, उलटी केली आणि पाठीवरून बोट फिरवलं. वलयं कडेला येऊन तुटत होती. लहान शिंपेची वलयं तुटत नाहीत, पुरी फिरतात.

"ही मोठीच हाय," ती म्हणाली. "बारकी केलेली."

"हो."

तिने शिंप पदराच्या गाठीत बांधली. "सुनेला नको सांगू," एवढं म्हणाली आणि गेली. पेज त्याच शिंपेने पाजली गेली. नंतर ती नदीत सोडली का, हे मी विचारलं नाही.

त्यानंतर बुधीबाईने शिंपा आणणं बंद केलं. तिचं ऐकून बाकीच्या बायकांनीही. हातावर पोट असलेल्या बायका त्या, कामाच्या शोधात वीटभट्ट्यांवर जाऊ लागल्या. मी तिला एकदा बाजारात गाठून म्हटलं, थोड्या तरी आण, तुझंही घर चालेल. ती म्हणाली, "ज्यांना पोर होत नाय त्या म्हाताऱ्यांना घरातनं वढून काढू का मी?"

इकडे मुंबईच्या बाईंची मोठी ऑर्डर आली होती. शेठ रोज विचारायचे, "मिस्त्री, माल कां नाय येत?" मी त्यांना सगळं सांगितलं. वरच्या डोहाचंही सांगितलं आणि हात जोडून म्हटलं, "शेठ, तेवढा डोह सोडा. त्यात आहेत त्या शेवटच्या आहेत. पिल्लं होतच नाहीत."

शेठनी शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाले, "तू म्हणतो पिल्लं होत नाय. बराबर?"

"बरोबर."

"म्हणजे या मरल्या की खलास. मग ठेवून फायदा शूं? तशापण मरणार, अशापण मरणार."

ते चिडून बोलले असते तर मी भांडलो असतो. पण त्यांनी मला खरोखरच विचारलं होतं, हिशेब जुळत नसला की विचारायचे तसं. आजही कधी मशिनचा आवाज कानात येतो तेव्हा मी मनात त्यांना उत्तर देत असतो, आणि ते काही केल्या पुरं होत नाही.

उन्हाळ्यात पाणी उतरलं तसा शेठनी टेम्पो पाठवला, चार माणसं आणि फावडी घेऊन. तळव्याने शोधण्याची गरज नव्हती. त्यांनी खालच्या डोहांचा आणि मग वरच्या डोहाचा तळच उपसला. पोती शेडच्या अंगणात उतरवली तेव्हा शिंपा जिवंत होत्या. उन्हात एकेक करून उघडत गेल्या. आत्तापर्यंत आमच्याकडे रिकामी झाकणं यायची, जीव कुणाच्या तरी पोटात गेलेला असायचा. या वेळी इतक्या शिंपा खाणार कोण? अंगणात त्या तशाच सडल्या. वास सामरवरणीच्या नाक्यापर्यंत गेला.

तिसऱ्या-चौथ्या दिवशी बुधीबाई फाटकाशी येऊन उभी राहिली. आत आली नाही. मी बाहेर गेलो.

"कुणी खाल्ल्या का?" तिने विचारलं.

"नाही."

तिने मान हलवली आणि आली तशी निघून गेली. त्यानंतर बाजारात दिसली तरी ती माझ्याशी बोलली नाही. मला त्याचा राग आला नाही, पण वाईट फार वाटलं. अजून वाटतं.

झाकणं धुऊन टाकीत घातली. मग मी कापायला बसलो, कारण माझं काम तेच होतं, आणि जीव तर गेलेच होते. निदान वाया जाऊ नयेत म्हणून एकही टिकली फुटू दिली नाही. असा माल मी आयुष्यात कापला नाही. जाडी सगळीकडे सारखी, कुठे डाग नाही, आणि पिंपातून काढली तेव्हा बटणांवर मोरपिसातला निळा-गुलाबी रंग नुसता हलत होता. नवी पोरं काम सोडून बघत उभी राहिली. मी केलेल्या सगळ्या बटणांत ती सर्वांत सुंदर होती. हे लिहितानाही मला अभिमान वाटतो आणि त्या अभिमानाचं काय करावं ते कळत नाही.

मुंबईच्या बाई माल बघायला आल्या. रुमाल नाकाला लावायच्या विसरल्या. ओंजळभर बटणं त्यांनी दारातल्या उजेडात नेली, पुन्हा पुन्हा खालीवर केली.

"मिस्त्री, कमाल आहे," त्या म्हणाल्या. "पुढच्या वर्षी मला याच्या दुप्पट लागतील. हाच माल."

"नाही मिळणार, बाई," मी म्हटलं. "नदीत संपल्या. हा शेवटचा."

बाईंनी शेठकडे बघितलं आणि त्या हसल्या. "तुमचा माणूस हुशार आहे हं. भाव वाढवायचा असला की सगळे हेच सांगतात."

शेठही हसले. मी आत जाऊन पिंप धुवायला घेतलं.